‘तुझ्या शब्दांत बोल’ म्हटलं की मुलं गप्प का होतात

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: कऱ्हाडजवळच्या एका गावात तुम्ही पंचवीस-तीस मिनिटांची फिल्म करताय. नववीतली मुलगी, वडिलांची पिठाची गिरणी, क्लासच्या नावाखाली मुलगी उशिरा घरी येते. मुलं तिथल्याच शाळेतली. फिल्म क्लबात फ्रेंच दिग्दर्शक मोरिस पियालाचे चित्रपट पाहून तुम्ही भारावलात, लिहिलेले संवाद फाडून टाकलेत आणि मुलांना सांगितलंत, ‘प्रसंग असा असा आहे, आता तुमच्या शब्दांत बोला.’ त्यावर अर्धी मुलं फिदीफिदी हसत बसली आणि उरलेली अर्धी रात्रीच्या मालिकेतलं बोलायला लागली. ‘बाबा, तुम्ही मला कधी समजूनच घेतलं नाहीत!’ पियालाला अशी कुठली मुलं मिळाली होती, आणि मुलं तशीच असतील तर त्याची युक्ती काय, असं तुम्ही विचारलंय.

मी संकलक आहे. चोवीस वर्षं याच कामात गेली, त्यातली निम्मी तरी मुलांच्या चेहऱ्यांसमोर. त्यामुळे माझं उत्तर सेटवरून येणार नाही, एडिट टेबलावरून येईल. दिग्दर्शक जे विसरून जातो ते आम्हाला रशेसमध्ये, म्हणजे न कापलेल्या कच्च्या चित्रीकरणात, दहा-दहा वेळा बघावं लागतं.

आधी गैरसमज काढू. पियाला मुलांना ‘तुमच्या शब्दांत बोला’ असं सांगून बाजूला होणारा माणूस नव्हता. तुम्ही पाहिलेल्या त्याच्या ‘आ नो झामूर’ या चित्रपटाची पटकथा लिहिलेली होती. ती पटकथाकार आर्लेत लांगमान हिच्याबरोबर झालेली, तिच्या स्वतःच्या तरुणपणावरून आलेली. आणि त्यातली जी उत्स्फूर्तता आज शिकवली जाते, वर्गात दाखवली जाते, ती पंधरा वर्षांच्या मुलीने निर्माण केलेली नाही. ती निर्माण केली सत्तावन्न-अठ्ठावन्न वर्षांच्या बापाने, म्हणजे खुद्द पियालाने. वडिलांचं काम त्यानेच केलंय.

(त्याच्या आडनावातला शेवटचा ‘ट’ उच्चारत नाहीत. आमच्या पुण्याच्या फिल्म क्लबात त्याचा ‘प्याला’ व्हायला एक आठवडाही लागला नाही. त्याच्या चित्रपटांची चव बघता नाव चुकलं असंही नाही.)

जेवणाचा प्रसंग आठवा. बाप मधेच घर सोडून निघून गेलेला आहे. जातानाचा प्रसंग पियाला दाखवतही नाही, एका टप्प्यानंतर तो घरात नसतो एवढंच. पुढे बराच काळ लोटतो, मुलीचं लग्न होतं, एका दिवशी सगळं कुटुंब आणि चार पाहुणे जेवायला बसलेत. आणि दारातून बाप आत येतो. टेबलाभोवती बसलेल्या नटांना तो येणार याची कल्पना नव्हती, असं त्या चित्रीकरणाबद्दल सांगतात. आल्यावर तो एकेकाची हजेरी घ्यायला लागतो. बसलेल्यांत झाक फिएस्की आहे. हा गृहस्थ खऱ्या आयुष्यात चित्रपटविषयक मासिकाचा संपादक, आणि बाप त्याच्या लिखाणावरूनच त्याच्यावर घसरतो. चित्रकार व्हॅन गॉगच्या ‘दुःख कायमच राहणार’ या शब्दांचा अर्थ तो सांगायला लागतो, आणि पात्र बोलतंय की चित्रकलेचं शिक्षण घेऊन नंतर चित्रपटांकडे वळलेला पियाला बोलतोय हे कळेनासं होतं. पुढे १९९१ मध्ये त्याने व्हॅन गॉगवर चित्रपट केलाच.

हा प्रसंग पुन्हा पाहाल तेव्हा बोलणाऱ्याकडे पाहू नका. ऐकणाऱ्यांकडे पाहा. मुलीचं काम करणाऱ्या सान्द्रीन बोनेरला तिथे फारसं काही ‘करायचं’ नाहीये. तिला बापाकडे बघायचंय, पुढे काय होईल ते तिला ठाऊक नाही, आणि कॅमेरा चालू आहे. तिच्या चेहऱ्यावर जे दिसतं त्याला आपण अभिनय म्हणतो. मी त्याला लक्ष म्हणेन. माणूस खरोखर लक्ष देत असतो तेव्हा त्याचा चेहरा खोटा पडत नाही, मग तो पंधरा वर्षांचा असो की सत्तरचा.

तुमची मुलं का अडखळली ते इथे कळतं. ‘तुझ्या शब्दांत बोल’ म्हणजे तुम्ही लेखकाचं ओझं सर्वांत अननुभवी माणसाच्या डोक्यावर ठेवलंत. त्याला आता शब्द शोधायचेत, बरं दिसायचंय, मित्र हसणार नाहीत हे बघायचंय, शिवाय तुम्हाला काय हवंय ते ओळखायचंय. समोरच्याचं ऐकायला त्याच्याकडे जागा कुठे उरली? अशा वेळी डोकं तयार माल शोधतं, आणि तयार माल कुठे मिळतो? मालिकेत, नाहीतर शाळेच्या गॅदरिंगच्या नाटकात. यात मुलांचा काही दोष नाही. मोठ्या नटांनाही ऐनवेळी सांगितलं तर तेही मालिकेतलंच बोलतात, फक्त आवाज जरा खाली ठेवून.

त्याच चित्रपटातला दुसरा प्रसंग तुमच्या फिल्मला जास्त जवळचा आहे, म्हणून त्यावर जरा थांबतो. मुलगी रात्री उशिरा घरी येते, बाप जागा आहे. आधीच्या एका प्रसंगात याच बापाने तिच्या मुस्काटात मारलेली आपण पाहिलीय, त्यामुळे आपण धसका घेऊनच बसतो. आणि तो तिच्याशी गप्पा मारतो. आपण घर सोडून जाणार आहोत हे तिला सांगतो. या सगळ्याच्या मधे तो तिच्या चेहऱ्याकडे बघत म्हणतो, तुझ्या गालावर एकच खळी पडते, दुसरी कुठे गेली? पूर्वी तर दोन होत्या. ती म्हणते, गेली.

हे खळीचं बोलणं पटकथेत नव्हतं, पियालाने जागेवर काढलं, असं मानलं जातं. कारागिरी कुठे आहे ते बघा. बोनेरचे गाल बोनेरचेच आहेत. तिथे पात्र वगैरे काही नाही. बापाने तिच्या खऱ्या चेहऱ्यावरच्या खऱ्या गोष्टीबद्दल विचारलं, आणि तिला उत्तर द्यायला एक शब्द पुरला. ती लाजली की हसली की गडबडली, काहीही झालं असतं तरी ते त्या मुलीचंच असतं. आणि बघणाऱ्याला ‘ही मोठी होतेय, हिचं हसणं कमी होतंय’ हे पोचतं. ‘मी हल्ली पूर्वीसारखी हसत नाही’ अशी ओळ मुलीच्या तोंडी, मनोगत म्हणून घातली असती तर मी तुम्हाला एडिटमध्ये ती पहिल्यांदा उडवायला सांगितली असती.

म्हणजे उत्स्फूर्तपणा हवा असेल तर तो मोठ्यांनी करायचा, आतून करायचा, आणि मुलासाठी फक्त एका शब्दाची जागा ठेवायची. कॅमेऱ्यामागून ओरडून केलेल्या सूचनेने हे होत नाही. मूल लगेच कॅमेऱ्याकडे, म्हणजे तुमच्याकडे बघतं, आणि ती नजर कापता कापता आमचा जीव जातो.

आता मागे जाऊ, कारण ही पद्धत त्याला एका दिवसात सापडली नाही. पियाला १९२५ चा. पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट ‘लाँफाँस न्यू’ त्याने केला तेव्हा तो त्रेचाळीस वर्षांचा होता. त्याच्याहून वयाने लहान मंडळी न्यू वेव्ह या फ्रेंच चित्रपट-चळवळीचे झेंडे लावून मोकळी झाली होती, याचा त्याला आयुष्यभर राग. गंमत म्हणजे त्याच्या या पहिल्या चित्रपटाच्या निर्मात्यांत त्याच चळवळीतला दिग्दर्शक त्र्युफो होता, ज्याने स्वतः त्याच्या नऊ वर्षं आधी बालपणावरचा जगप्रसिद्ध चित्रपट केला होता. दोन्ही शेजारी ठेवून पाहा. त्र्युफोचा मुलगा तुम्हाला आवडतो. पियालाचा फ्रान्स्वा तुम्हाला आवडून घ्यावा लागतो.

फ्रान्स्वा दहा वर्षांचा आहे. आईने सरकारी संस्थेच्या ताब्यात दिलेला, या घरातून त्या घरात वाढणारा. उत्तर फ्रान्समधल्या खाणकामगारांचा प्रदेश. मुलं पैज लावतात आणि तो मांजर जिन्याच्या मधल्या मोकळ्या जागेतून खाली फेकतो. मग तेच मांजर लपवून त्याची शुश्रूषा करतो. ज्या घराने त्याला परत पाठवायचं ठरवलंय, त्या घरातल्या बाईला निघताना तो भेटवस्तू देतो. का? पियाला सांगत नाही. मुलगा वाईट आहे असं म्हणू देत नाही आणि बिचारा आहे असंही म्हणू देत नाही. तुमच्या पटकथेत मुलगी उशिरा का येते याची कारणं दोन पानं भरून आहेत. मैत्रीण, मोबाइल, एक मुलगा, क्लासचे थकलेले पैसे. त्यातलं एक ठेवा. खरं तर एकही ठेवू नका, पण तुमचा धीर होणार नाही, म्हणून एक.

या चित्रपटात बहुतेक लोक नट नाहीत. फ्रान्स्वा ज्या म्हाताऱ्या जोडप्याकडे राहायला जातो ते थिएरी पतिपत्नी खऱ्या आयुष्यातही अशा मुलांना सांभाळणारे होते. एका प्रसंगात म्हातारा मुलाला जुने फोटो दाखवत युद्धकाळातल्या भूमिगत चळवळीतल्या गोष्टी सांगतो. त्या गोष्टी त्याच्या घरातल्याच. तो कितव्यांदा सांगत असेल देव जाणे, पण या मुलाला तो पहिल्यांदाच सांगतोय. फ्रान्स्वाचं काम करणारा मिशेल तेराझाँ नावाचा तो पोरगा फक्त ऐकतो. अख्ख्या चित्रपटात तो बोलतोच कमी. इथेही युक्ती तीच आहे, फक्त अजून कच्ची आहे: मोठ्या माणसाच्या पोटात खरंच काहीतरी आहे, आणि मूल ते ऐकतंय.

तुमच्या गावात गिरणी चालवणारा माणूस आहे. नट शोधण्याआधी त्याच्याकडे दोन दिवस बसलात का? दिवाळीच्या तोंडावर भाजणीच्या डब्यांची रांग कशी लागते, कुणाचा डबा कुणाच्या घरी जातो, ज्वारीवर लगेच गहू घातला की बायका कशा भांडतात, पट्टा तुटला की काय करतात... हे तो बोलेल तेव्हा त्याच्याकडे बघणारी मुलगी हा तुमच्या फिल्मचा निम्मा भाग आहे. ‘आ नो झामूर’मधलं घर आठवतंय ना? बाप फरचे कोट शिवणारा, घरातच कारखाना, सगळीकडे कातडी पसरलेली. त्या घरात कुणालाच एकटं राहायला जागा नाही. मुलगी बाहेर का पळते ते सांगायला वेगळा संवाद लागत नाही. तुमची गिरणी तशीच आहे, पण तुम्ही पाठवलेल्या फुटेजमध्ये ती नुसती मागे चालतेय, नाटकाच्या पडद्यासारखी. आणि तुम्ही ती संवादासाठी बंद करताय! चालू ठेवा. गिरणीच्या घरघरीत माणसं ओरडून बोलतात, एकमेकांचं ऐकू येत नाही म्हणून परत विचारतात, पीठ झटकत जवळ येतात. ज्या गोष्टी तुम्ही मुलांना शिकवायला बघताय त्या तिथे यंत्रच शिकवेल. आवाज खराब येईल म्हणून तुमचा साउंडवाला कुरकुरेल. त्याला कॉलर माइक लावू द्या, आणि नुसत्या गिरणीचा पाच मिनिटांचा आवाज वेगळा घ्यायला सांगा. बाकीचं आम्ही बघतो. डबिंगवर मात्र जाऊ नका. मुलाने स्टुडिओत काचेमागे उभं राहून पुन्हा बोललेलं वाक्य हे वाचलेलं वाक्य असतं.

‘लाँफाँस न्यू’ फ्रान्समध्ये चालला नाही. त्याला १९६९ चा झाँ व्हिगो पुरस्कार मिळाला, पण तिकीटबारीवर लोक आले नाहीत. पुढे १९७१ मध्ये त्याने फ्रेंच टीव्हीसाठी सात भागांची मालिका केली, ‘ला मेझों दे ब्वा’. पहिल्या महायुद्धात खेड्यात ठेवलेली शहरी मुलं. त्यात तो स्वतः शाळामास्तर झाला. मला ती त्याच्या सगळ्या कामात सर्वांत मायेची वाटते, आणि मिळाली तर ती आधी पाहा असं मी प्रत्येकाला सांगतो. मास्तर होऊन वर्गात उभं राहणं, मग बाप होऊन घरात उभं राहणं. दिग्दर्शकाने प्रसंगाच्या आत जाऊन बसायची त्याची सवय तिथलीच असावी.

पियालाच्या ‘पास तो बाक दाबोर’ या चित्रपटाबद्दल तुम्ही विचारलंय, पण ते एका परिच्छेदात आवरतो. नावाचा अर्थ ‘आधी बाक पास हो’. बाक म्हणजे शाळा संपतानाची परीक्षा. आपल्याकडे ‘आधी बारावी तरी सुट, मग बघू’ म्हणतात ना, अगदी तेच, त्याच सुरात. लाँस हे खाणींचं गाव, त्यातली सतरा-अठरा वर्षांची पोरं, एक कॅफे, लग्नं, रिकामा वेळ. सुरुवातीला तत्त्वज्ञानाचे मास्तर वर्गात येऊन बोलतात आणि शेवटी नव्या वर्गापुढे तेच सुरू होतं. मधे कुणाचंही फारसं काही झालेलं नसतं. टोळक्याचं चित्रण कसं करावं हे यात शिकायला मिळतं: नायक कोण तेच ठरवलेलं नाही, म्हणून कॅमेरा कुणाकडेही जाऊ शकतो आणि पोरं सावध होत नाहीत. तुमच्या बसस्टँडवरच्या प्रसंगात हे करून बघा.

आता माझं घर, म्हणजे संकलन. पियालाची नैसर्गिकता अर्धी सेटवर आणि अर्धी इथे आहे, आणि इथलीच फार कमी लोक बघतात.

‘आ नो झामूर’ यान देदे या संकलकाने कापला. त्यात दोन प्रसंगांच्या मधून किती दिवस गेले हे सांगणारं काही नाही. फेड नाही, कॅलेंडर नाही, ‘सहा महिन्यांनंतर’ नाही. मुलीचा मित्र बदललेला असतो, आणि आपल्याला ते तिच्या शेजारी कोण बसलंय त्यावरून कळतं. नेहमीचा दिग्दर्शक भांडण पेटताना दाखवतो, भांडण दाखवतो, मग रडणं दाखवतो. पियाला भांडणाच्या मध्यात घुसतो आणि ते संपायच्या आत निघून जातो. सांधा जुळतो का, हात वर होता की खाली, ग्लास किती भरला होता, हे त्याच्या लेखी दुय्यम. ज्या तुकड्यात जीव आहे तो राहतो. सुरुवातीला मलाही हे आळशी काम वाटायचं. मग ध्यानात आलं की पौगंडवय आपल्याला आठवतं ते असंच. प्रसंग लख्ख आठवतात, मधले दुवे गायब असतात. बाप कधी बोलायचा बंद झाला ती तारीख कुणाला आठवते?

एक जवळचं उदाहरण देतो. काही वर्षांपूर्वी माझ्याकडे एक लघुपट आला. बारा वर्षांचा मुलगा, शाळेच्या फीचे पैसे त्याने दुसरीकडे उडवलेत. आई विचारते, ‘फी दिलीस का?’ मुलगा म्हणतो, ‘दिली.’ पुढे आईचं वाक्य. नऊ टेक. आठांमध्ये पोरगं मान खाली घालून, ओठ चावून, म्हणजे ‘मी खोटं बोलतोय हं’ अशी पाटी गळ्यात अडकवून ‘दिली’ म्हणत होतं. दिग्दर्शकानेच सांगितलं असणार. चौथ्या टेकमध्ये आईचं काम करणाऱ्या बाई पुढचं वाक्य विसरल्या. सहा सेकंद शांतता. मुलाला वाटलं आपणच चुकलो, आपलं वाक्य ऐकू गेलं नाही. त्याने मान वर केली, बाईंकडे सरळ बघितलं आणि जरा मोठ्याने पुन्हा म्हणाला, ‘दिली ना.’ तो ‘ना’ कुणी लिहिलेला नव्हता.

असिस्टंटने तो टेक ‘एनजी’ (नो गुड, म्हणजे वाया गेलेला) म्हणून बाजूला टाकला होता. मी तो घेतला. खोटं बोलणारं मूल कधीच मान खाली घालत नाही हो, ते सरळ तुमच्या डोळ्यांत बघतं आणि दोनदा सांगतं. पुढचं आईचं वाक्य आम्ही काढूनच टाकलं आणि थेट दुसऱ्या दिवशीच्या सकाळवर गेलो. म्हणून सांगतो, ‘कट’ उशिरा म्हणा. मोठ्या नटाने वाक्य विसरलं तर त्याने कॅमेऱ्याकडे बघून ‘सॉरी’ म्हणायचं नाही, गप्प बसून राहायचं, एवढा एकच नियम मोठ्यांना घालून द्या. आणि बिघडलेले टेक पुसू नका. कार्डात जागा नाही ही सबब आता चालत नाही.

दुसरी गोष्ट सांगायला बरी नाही, पण तुम्ही पत्राच्या शेवटी ‘मुलीला खरंच रडू आणायचं तर काय करावं’ असं विचारलंय, म्हणून सांगतो. एका दिग्दर्शकाने (नाव नको) नऊ-दहा वर्षांच्या मुलीला शॉटच्या आधी सांगितलं की तुझ्या कुत्र्याला गाडीने उडवलं. ती रडली. युनिटमधल्या लोकांनी टाळ्या वाजवल्या म्हणे. ते रशेस माझ्याकडे आले. रडणं खरं होतं आणि तरीही निरुपयोगी होतं. तिची नजर कॅमेऱ्याच्या डावीकडे कुणालातरी शोधत होती, बहुतेक आईला, आणि चेहऱ्यावर दुःखापेक्षा ‘खरं सांगताय का?’ हा प्रश्न होता. प्रसंग आजी गेल्याचा होता. ते रडणं त्या प्रसंगाला चिकटेना. शेवटी आम्ही तिचा पाठमोरा शॉट वापरला. पुढच्या सहा दिवसांच्या फुटेजमध्ये मुलगी प्रत्येक सूचनेनंतर आधी आईकडे बघते आणि मग करते. चेहरा बंद झालेला. फिल्म तिथेच गेली, कुणाला कळलं नाही एवढंच.

पियाला या बाबतीत साधुसंत होता असं मी म्हणणार नाही. त्याच्या सेटवरची भांडणं, अबोले, थांबलेली चित्रीकरणं यांच्या कथा फ्रेंच चित्रपटसृष्टीत भरपूर आहेत. १९८७ साली कान चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार घेताना प्रेक्षकांनी हुर्यो केली तेव्हा मूठ उगारून ‘तुम्हाला मी आवडत नसेन तर मलाही तुम्ही आवडत नाही’ असं सुनावणारा हा माणूस. ‘आ नो झामूर’मध्ये आई आणि भाऊ मुलीवर हात उगारतात ते प्रसंग बघताना मला आजही कसंतरी होतं. आईचं काम करणारी एव्हलिन केर आणि भावाचं काम करणारा दोमिनिक बेनेआर ज्या जोराने तुटून पडतात, त्यातलं किती ठरलेलं होतं हे पडद्यावरून कळत नाही. आणि पंधरा वर्षांच्या मुलीला त्याने ज्या प्रकारच्या प्रसंगांत उभं केलं ते आज कुणी करू नये, करू देऊ नये. चित्रपट थोर आहे म्हणून ते माफ होतं असं मला वाटत नाही. दुसऱ्या बाजूला हेही खरं की बोनेर त्यानंतर त्याच्याबरोबर आणखी दोन चित्रपटांत आली आणि त्याच्याविषयी आपुलकीने बोलत राहिली. बहिणीसोबत ऑडिशनला गेलेली, अकरा भावंडांतली एक मुलगी, पहिल्याच मोठ्या कामासाठी १९८४ मध्ये नवोदित अभिनेत्रीचा सेझार, म्हणजे फ्रान्सचा मोठा चित्रपट पुरस्कार, घेऊन गेली. चित्रपटालाही सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा सेझार विभागून मिळाला. या दोन गोष्टींची बेरीज माझ्याकडून होत नाही.

पण एक फरक कामाचा म्हणून सांगतो. पियालाने जेवणाच्या टेबलावर मुलीला फसवलं असेल, पण तो स्वतः त्या टेबलावर बसला. त्याचाही चेहरा कॅमेऱ्यात होता, त्यालाही उत्तर मिळू शकत होतं. कुत्र्याची थाप मारणारा दिग्दर्शक मॉनिटरमागे बसला होता.

कायद्याचंही आत्ताच बघून ठेवा. नववीतली मुलं बहुतेक १४ पूर्ण असतात, पण धाकट्या भावाचं काम करणारा तुमचा छोटू चौथीत आहे. १४ वर्षांखालच्या बालकलाकारासाठी बालमजुरीविरोधी कायद्याच्या २०१७ च्या नियमांप्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. दिवसाला पाच तासांच्या वर काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांच्या वर नाही, आणि मानधनातले किमान २० टक्के मुलाच्या नावे मुदत ठेवीत जायला हवेत. ‘गावातलीच तर पोरं आहेत, आम्ही कुठे पैसे देतोय’ म्हणून हे सोडून देऊ नका. पाच तासांची मर्यादा संकलकाच्याही फायद्याची आहे. सहाव्या तासाला कुठल्याच मुलाकडून मी आजवर वापरण्यासारखा शॉट पाहिलेला नाही.

आता येत्या रविवारी काय करायचं ते. फाडलेले संवाद परत लिहून काढा, पण फक्त मोठ्यांचे. मुलांचे प्रत्येकी दोन-तीन शब्दांच्या वर नकोत. मुलांना पटकथा वाचायला देऊ नका, त्या दिवशीचा प्रसंग त्या दिवशी सांगा, आणि भावना सांगू नका, काम सांगा: डब्यावरची चिठ्ठी वाच, हे सुट्टे पैसे मोज, चाळण लाव. तालमीसाठी कॅमेरा लावा आणि ती तालीमच चित्रित करा. पहिल्यांदा घडलेलं दुसऱ्यांदा घडत नाही. बारा टेक घेण्यापेक्षा तीन घ्या आणि प्रत्येक वेळी मोठ्याने काहीतरी बदला. दोन कॅमेरे परवडत नसतील तर एकच असू द्या, पण तो ऐकणाऱ्यावर लावा. बोलणाऱ्याचा आवाज पुरतो.

राहता राहिला रात्रीचा प्रसंग, मुलगी उशिरा येते आणि बाप गिरणी बंद करत असतो तो. साताऱ्याहून एक रंगभूमीवरचे नट बोलावायचे की नाही, असं तुम्ही विचारलंय. फुटेजमध्ये तुम्ही मुलीला सूचना देताना एकदा फ्रेममध्ये आलाय. ती तुमच्याशी बोलताना जशी हसते तशी इतर कुठे हसलेली नाही. वय तुमचं पंचेचाळीसच्या आसपास दिसतं, गिरणी तुम्हाला लहानपणापासून माहीत आहे. बापाचं काम तुम्हीच करा. तिला काय विचारणार ते मला सांगू नका, कॅमेरामनलाही सांगू नका. फक्त त्या रात्री ‘कट’ कोण म्हणणार तेवढं आधी ठरवून ठेवा.